दर्भाचा कावळा

माईकवर तिसरा पुढारी उभा राहिला तेव्हा गंगूआत्या सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणाली, "आता ह्याचं किती वेळ चालायचंय? ह्यांचं ऐकून कावळेसुद्धा घरी जातील."

बायकांत हसू फुटलं आणि लगेच पदराआड गेलं. आमच्याकडं दहाव्याला भाषणं लागतात. आधी महाराजांचं प्रवचन, मग सोसायटीचा चेअरमन, मग कारखान्याचा कुणी संचालक, मग ज्याला पुढच्या निवडणुकीला उभं राहायचंय तो. मेलेला माणूस जन्मभर कुणाच्या अध्यात ना मध्यात, तरी त्याची सुटका नाही. माझ्या वडिलांचं, दादांचं, तसंच चाललं होतं. प्रवरेच्या काठी घाटाच्या पायऱ्यांवर सतरंज्या टाकून अख्खा गाव बसला होता आणि संचालक सांगत होता की मुरलीधरदादा म्हणजे एक दीपस्तंभ होते. दादांनी जन्मात समुद्र पाहिला नव्हता.

मी थोरली लेक, छबू, सिन्नरला दिलेली. माझ्या पाठचा पोपट डोकं भादरून, ओल्या धोतरात, खाली गुरुजींपाशी बसला होता. आई बायकांच्या पहिल्या रांगेत होती. आणि सगळ्यात मागं, सतरंजी संपते तिथं एका दगडावर, नानी. नानी म्हणजे माझी चुलती, सरूबाई. तिचे मालक लहानू, म्हणजे आमचे नाना, दादांचे पाठचे भाऊ. नाना पुरुषांत बसून उपरण्यानं डोळे पुसत होते. नानीचे डोळे कोरडे होते. मुळात ती आली हेच गावाला नवल होतं. दादांशी ती दहा-बारा वर्षं एका शब्दानं बोलली नव्हती. दादा समोरून येताना दिसले की डोक्यावर भरलेला हंडा असला तरी वाट बदलायची.

त्याला कारण विलास. नाना-नानींचा एकुलता एक मुलगा.

तेव्हा आमचं घर एकत्र होतं, विहीर एक, मोटर एक. लाईटचा काही नेम नसायचा. कधी यायची, कधी जायची. प्रत्येक वेळी शेताच्या टोकावरनं मोटर चालू करायला कोण पळणार? म्हणून तिकडं सगळेच शेतकरी एक युक्ती करायचे. स्टार्टरचं हिरवं बटण दाबायचं आणि त्याच्या फटीत बाभळीची काडी खोचून ठेवायची. लाईट आली की मोटर आपोआप सुरू. त्या दुपारी लाईट नव्हती म्हणून विलास पोरांबरोबर विहिरीत पोहायला उतरला होता. मोटरची वायर पाइपाला घासून घासून उघडी पडली होती, हे कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. पोरगं पाइपाला धरून दम खात होतं, आणि लाईट आली.

ती काडी दादांनी लावली होती. हे सगळ्या गावाला ठाऊक होतं, कारण दादांनी स्वतःच तिथं विहिरीवर, सगळ्यांसमोर सांगितलं होतं. नानीनं तिथल्या तिथं त्यांना दिलेले शाप माणसं अजून एकमेकांना सांगतात. महिन्याभरात वाटण्या झाल्या, चुली वेगळ्या झाल्या. 'भावाचं पोर खाल्लं' असं दादांच्या माघारी बोललं जायचं, आणि माघारी तरी कसं, ऐकू येईल असंच. माझी आई पाणवठ्यावर गेली की बायका बोलता बोलता थांबायच्या.

आणि हे सगळं खोटं होतं.

ते मला कळलं दादा जायच्या चार-पाच दिवस आधी. संगमनेरच्या दवाखान्यात, दुपारी. आई पायाशी बसली होती, मी मोसंबी सोलत होते. नाना तेव्हाच भेटून, रडून गेले होते. माझं डोकं सणकलं होतं. मी म्हटलं, "दादा, नाना रोज येतात, पण नानीला एकदाही यावंसं वाटू नये? माणूस एवढं मरणाला टेकलंय. इतका कसला गं बाई राग!"

दादांनी मान माझ्याकडं वळवली. मग म्हणाले, "छबे, ती काडी लहानूनं लावली होती."

आईचा हात त्यांच्या पायावर होता, तो तसाच राहिला.

"मी पोचलो, मेन स्विच पाडला. पोराला बाहेर घेतलं तोवर लहानू शेताच्या टोकाकडनं पळत आला. विहिरीच्या काठावर उभा राहिला. पोराकडं बघितलं त्यानं, आणि मग त्याची नजर स्टार्टरकडं गेली. मला दिसलं ना, त्याला आठवलं ते. त्याचा पाय काठाकडं सरकला. आता हा उडी टाकतोय. माझ्या तोंडातून आपसूक निघालं. म्हटलं, लहानू, सकाळची तुझी काडी मी काढून टाकली होती रे. ही मी लावलेली. मी लावली."

"आणि नानांना खरं वाटलं?"

"वाटलं म्हणून तर जगला."

मोसंबीचा रस माझ्या हातावरनं कोपरापर्यंत गेला होता. मी म्हटलं, "आता मी काय करू हे घेऊन?"

"तुला मी बांधून घालत नाही," दादा म्हणाले. "तुझं तू बघ."

आता मला सांगा, माझ्या तोंडात तीळ भिजत नाही हे सासर-माहेर दोन्हीकडं ठाऊक. माझ्याच पोटात असलं काही घालायचं, आणि वर 'तुझं तू बघ' म्हणायचं!

दहाव्याच्या सकाळी आई पिंडासाठी तांदूळ धूत होती तेव्हा मी तिच्यापाशी गेले. म्हटलं, "आई, आज सगळा गाव असेल. आजच सांगून टाकू."

"काय सांगायचं?"

"तुला ठाऊक आहे काय. इतकी वर्षं तुला त्या माणसाची बायको म्हणून बोट दाखवलं. पोपटला कुणी मुलगी देत नाही. दादा तर गेले, आता कुणासाठी गप्प बसायचं?"

आईनं तांदळाचं पाणी ओतलं. म्हणाली, "त्यांनी एवढी वर्षं जे केलं नाही, ते मी एका सकाळी करू?"

"तू नको करू. मी करते."

तिनं पातेल्यात दुसरं पाणी घेतलं. माझ्याकडं बघितलंही नाही. मला तिचा असा राग आला म्हणून सांगू!

तर भाषणं संपली एकदाची. गुरुजींनी पिंड पत्रावळीवर मांडला. शेजारी दादांच्या आवडीचं ठेवलं: कांद्याची भजी, गूळ, काळा चहा, विड्यांचं बंडल. सगळे मागं सरले. समोरच्या उंबरावर कावळे होते, चांगले आठ-दहा. एक खाली उतरला, पिंडाच्या जवळ आला, मान वाकडी करून बघितलं, आणि उडून गेला.

"शिवंल," कुणीतरी म्हणालं. "टाइम लागतो."

टाइम गेला. ऊन वर आलं. कावळे उंबरावरच ओरडत राहिले. गुरुजी पोपटला म्हणाले, "वडिलांची काही इच्छा राहिली असेल तर बोला. ते ऐकतायत."

पोपट हात जोडून उभा राहिला. "दादा, आईला मी अंतर देणार नाही." कावळा नाही. "दादा, वरच्या तुकड्यात डाळिंब लावायचं तुमच्या मनात होतं, ते लावतो." नाही. मग जो तो पुढं होऊन बोलायला लागला. मामा म्हणाले, पोपटचं लग्न ह्याच वर्षी करू. चेअरमन म्हणाले, देवळाचा सभामंडप तुमच्या नावानं पुरा करू. गंगूआत्या म्हणजे दादांची थोरली बहीण, ती दटावूनच म्हणाली, "मुरल्या, लहानपणासारखा हट्ट करू नको. माणसं उपाशी आहेत. शिव."

एक कावळा भज्यापर्यंत आला. सगळ्यांनी श्वास धरला. तो पण गेला.

तेव्हा ती कुजबुज सुरू झाली. मला ऐकू येत होती. विलासचं नाव मी दोनदा ऐकलं. आत्या सरळ मागं वळली आणि म्हणाली, "सरू, तू ये. तुझ्यासाठी अडलाय तो. माफ केलं म्हण, म्हणजे सुटेल बिचारा."

सगळ्यांच्या माना मागं फिरल्या. नानी दगडावरनं उठली, पण जागची हलली नाही. पदर तोंडावर धरलेला, नजर खाली.

"अगं बोल की. मेलेल्या माणसाशी कसलं वैर?"

नानी बोलली नाही.

"असं कसं गं काळीज तुझं!" आत्याचा आवाज चढला. आणि मग पुरुषांतून नाना उठले.

नाना उंच माणूस, पण चालताना असे वाकले होते की पोपटच्या खांद्याला लागले. पिंडासमोर जाऊन ते गुडघ्यावर बसले, हात जोडले. म्हणाले, "दादा. विल्याचं जे झालं ते झालं. तू काय मुद्दाम केलं नाहीस. चुकी माणसाच्या हातून होते. मी तुला माफ केलंय रे. मनापासून माफ केलंय. आता तू जा."

बायका हुंदके द्यायला लागल्या. चेअरमननं चष्मा काढून पुसला. "केवढं मोठं मन!" माझ्या मागून कुणीतरी म्हणालं.

माझ्या अंगाची लाही लाही झाली. ज्यानं काडी लावली तो माफ करतोय! आणि कुणाला, तर ज्यानं त्याचा जीव वाचवला त्याला! आणि वर मोठं मन म्हणे! माझा बाप तिथं भाताचा गोळा होऊन पडलाय, आणि त्याच्या बाजूनं बोलायला एक माणूस नाही. मी उठले. तोंड उघडलं. "नाना—" एवढं निघालंही.

"छबे," आई म्हणाली, मोठ्यानं, रोजच्या आवाजात. "तांब्या भरून आण जा. नानांना पाणी दे."

सगळे माझ्याकडं बघत होते. आई तांब्या पुढं धरून बसली होती आणि तिचा हात काही खाली येईना. मी तांब्या घेतला. पायऱ्या उतरून खाली गेले तेव्हा मला समोरचं दिसत नव्हतं, इतका राग. ठरवलं होतं, पाणी घेऊन वर जायचं, नानांना द्यायचं आणि त्यांनी घोट घेतला की सांगायचं.

तांब्या बुडवला तर मागं पावलं वाजली. नानी होती. माझ्या शेजारी येऊन ती पाण्याच्या कडेला बसली, आणि हातपाय धुतल्यासारखं करत, माझ्याकडं न बघता म्हणाली, "भाऊजींनी सांगितलं का तुला?"

माझ्याशीसुद्धा ती कितीतरी वर्षांनी बोलत होती. मी म्हटलं, "काय?"

"मला येडी करू नको. तुझं तोंड मी पाळण्यात असल्यापासनं ओळखते. मघाशी काय सांगणार होतीस?"

"खरं काय ते."

"कुठलं खरं?"

आता मला कुणाची भीती? मी म्हटलं, "माझ्या बापानं काडी लावली नव्हती. हे खरं."

मला वाटलं ती किंचाळेल, नाहीतर माझ्या थोबाडीत देईल. तिनं ओंजळीनं पायावर पाणी घेतलं. म्हणाली, "हळू बोल. पाण्यावरनं आवाज जातो."

"नानी—"

"मला ठाऊक आहे."

तांब्या हातातनं सुटला, तो तिनं पकडला.

"त्या दिवशी तुझी आई माहेराला गेलेली," नानी म्हणाली. "गाय अडली होती म्हणून भाऊजी सकाळपासनं गोठ्यातच. विहिरीकडं फिरकले नाहीत. दुपारी गाय मोकळी झाली तवा मी त्यांना जेवायला वाढलं. अर्धी भाकरी खाल्ली असंल नसंल, पोरं ओरडली. उष्ट्या हातानं पळाले ते. मी त्यांच्या मागं. मग काडी लावली कधी त्यांनी? जेवता जेवता?"

"म्हणजे त्याच दिवशी..."

"त्याच घटकेला. मी पोचले तर भाऊजी म्हणत होते, मी लावली, मी लावली. मी ह्यांच्याकडं बघितलं. हे काठावरनं मागं सरत होते." तिनं तांब्या बाजूला ठेवला. "पोरगं तर गेलंच होतं गं. आणखी एक जाणारं माणूस थांबलं होतं. मी काय म्हणणार होते, छबे? भाऊजी खोटं बोलतायत म्हणून?"

वरून आत्याचा आवाज येत होता. ती कावळ्यांना काहीतरी सुनावत होती.

मी म्हटलं, "मग हा अबोला कशाला? शिव्याशाप कशाला? एवढी वर्षं माझ्या बापानं—"

"ज्यानं माझं पोर मारलं त्याच्याशी मी गोड बोलले असते, तर ह्यांनी काय समजायचं?" आता तिनं माझ्याकडं बघितलं. "ह्यांना कधी पुरतं पटलंच नाही. अजून झोपेतनं उठून बसतात, काडी काढ म्हणतात. मी भाऊजींना शिव्या दिल्या म्हणून ह्यांचा थोडा तरी भरवसा बसला. आईचं काळीज खोटा राग कसा धरील, असं वाटतं ना माणसाला. माझ्या अबोल्यावर जगलेत ते."

"दादांना हे ठाऊक होतं? तुम्हाला कळलंय म्हणून?"

"बोललेच नाही कधी, तर कसं कळावं? पण..." तिनं पायावरचं पाणी निपटलं. "वाटेत मी दिसले की भाऊजी आधी थांबायचे. बांधाला उभे राहून मला वळायला जागा द्यायचे. डोईवर हंडा असला तर मी लांब जाईपर्यंत तसेच उभे. तेवढंच काय ते."

मी रडायला लागले. ती घाईनं म्हणाली, "इथं नको. वर जाऊन रड, बापासाठी रडतेय म्हणतील. इथं रडलीस तर विचारतील."

"मग नानी, निदान आता तरी माफ केलं म्हणा ना. दादा सुटतील."

"तेच होत नाही माझ्याच्यानं," नानी म्हणाली. "ज्या माणसाच्या मी पाया पडायला हवं, त्याला माफ कसं करू गं? दुसरं काय वाट्टेल ते म्हणीन. हे त्यांच्या पिंडासमोर माझ्या तोंडातनं निघायचं नाही."

तिनं तांब्या भरून माझ्या हातात दिला आणि पुढं झाली. मी तिच्या मागं पायऱ्या चढले. मी वर पोचले तेव्हा सांगायचं ठरवलेलं एकही वाक्य जागेवर राहिलं नव्हतं. नानांना पाणी दिलं. ते गटागटा प्यायले आणि म्हणाले, "छबे, दादा माझ्यावर रुसलाय का गं?"

आत्या नानीवर तुटून पडली. "आलीस? आता तरी बोल. तो तुझ्या दारात भीक मागतोय समज." नानी आपल्या दगडापाशी जाऊन उभी राहिली. आत्या जे जे बोलली ते ते तिनं ऐकून घेतलं. कुणी दगडाच्या काळजाची म्हणालं, कुणी म्हणालं अशीला पोर टिकलं नाही ते बरोबरच. ते ऐकून मी दातांखाली जीभ धरली, अगदी खरोखर धरली. नानी बोलली नाही. आई बोलली नाही. मीही बोलले नाही.

शेवटी आई उठली. "गुरुजी, दर्भाचा कावळा करा."

"आई!" पोपट कळवळला. "आणखी थोडं थांबू. दर्भाचा केला तर लोक काय म्हणतील?"

"म्हणू दे," आई म्हणाली. "ऊन फार झालं. म्हातारी माणसं आहेत."

गुरुजींनी दर्भाच्या काड्यांना पीळ देऊन, गाठ मारून कावळा केला. चोच, शेपूट, सगळं. तो पोपटच्या हातात दिला आणि पोपटनं रडत रडत तो पिंडाला लावला. झालं.

गावानं पुढं जे म्हणायचं ते म्हटलंच. मुरलीधरला कावळा शिवला नाही, पोराचा तळतळाट लागला, असं कितीतरी वर्षं निघत राहिलं. पोपटच्या दोन सोयरिकी त्याच्यावरून मोडल्या. आईनं सगळं ऐकून घेतलं. आज नाना नाहीत, नानी नाही, आईही नाही, म्हणून मी हे सांगतेय. पण त्या दिवसाचं अवघड अजून पुढंच होतं.

दुपारी वस्तीवर पंगती बसल्या. मी वाढत होते. नाना पंगतीत नव्हते. गोठ्याच्या भिंतीला टेकून एकटेच बसले होते. ताट घेऊन गेले तर म्हणाले, "ठेव. बस जरा."

मी बसले. नाना ताटाकडं बघत म्हणाले, "तू दवाखान्यात होतीस शेवटपर्यंत. दादा माझ्याबद्दल काही बोलला?"

"तुमचं नाव घ्यायचे."

"तसं नाही." त्यांनी इकडंतिकडं बघितलं. "एक विचारायचं होतं त्याला. एवढी वर्षं धीर झाला नाही. रोज दवाखान्यात जायचो ते तेच विचारायला जायचो आणि रडून परत यायचो. त्या दिवशी सकाळी काडी मी पण लावली होती, छबे. दादा म्हणाला, ती त्यानं काढली आणि मग दुपारी त्याची त्यानं लावली. पण... काढली कशाला असंल? आणि परत लावली कशाला?" त्यांनी ताट थोडं बाजूला सरकवलं. "आज कावळा शिवला नाही. मला वाटलं, मी माफ केलं म्हणालो तेच त्याला लागलं. म्हणून विचारतो. तुला काही वेगळं सांगितलं का त्यानं?"

नानी चार पावलांवर उभी होती, भाकऱ्यांची पाटी घेऊन. ती पुढं येईना की मागं जाईना.

घाटावर गप्प राहणं सोपं होतं, हे मला तेव्हा कळलं. इथं मी गप्प बसले असते तर तेच उत्तर झालं असतं. नाना माझ्या तोंडाकडं बघत होते, आणि माझं तोंड कसं आहे ते तर तुम्हाला सांगितलंच. सगळं चेहऱ्यावर दिसतं. मी ताटातली भाकरी उचलली, कालवणात मोडली, कुस्करली, त्यावर कांदा ठेवला. तेवढ्यात चेहरा सारखा केला. मग वर बघितलं.

"वेगळं काय सांगतील नाना? तुम्हाला जे सांगितलं तेच मला सांगितलं. गाय अडली होती, डोकं ठिकाणावर नव्हतं म्हणाले. तुमची काडी सैल वाटली म्हणून काढली. मग दुसरी लावायची विसरले, आणि दुपारी परत आपली लावली. शेवटपर्यंत तेच मनाला लावून घेतलं होतं त्यांनी."

"सैल वाटली म्हणाला?"

"हो."

नानांनी डोळे मिटले. खांदे खाली आले. मग त्यांनी विचारलं, "मग मघाशी सगळ्यांसमोर मी त्याला माफ केलं म्हणालो, ते बरं केलं ना?"

बापावर आणखी एक काडी मी माझ्या हातानं ठेवली होती.

"बरं केलंत, नाना," मी म्हटलं. "जेवा आता."

ते जेवायला लागले. पहिला घास, दुसरा घास. भूक लागलेल्या माणसासारखे जेवले. मध्येच मान वर करून त्यांनी नानीला बघितलं आणि म्हणाले, "सरू, तू पण सोड आता. मी सोडलं ना? तू का धरून बसतेस? जा, वहिनीपाशी बैस जरा."

नानीनं पाटी खाली ठेवली. इतकी वर्षं तिनं आमचा उंबरा ओलांडला नव्हता. ती सरळ चालत गेली, आत, जिथं आई भिंतीला टेकून बसली होती. आईनं वर बघितलं. नानी तिच्यासमोर बसली नाही, वाकली. आईच्या पायांवर डोकं ठेवलं आणि असा हंबरडा फोडला की अंगणातल्या पंगती थांबल्या. आईनं तिला ओढून कुशीत घेतलं. दोघी काही बोलत नव्हत्या. नुसत्या एकमेकींना धरून हलत होत्या.

बायका दारात गोळा झाल्या. गंगूआत्या डोळे पुसत माझ्यापाशी आली. म्हणाली, "बघितलंस? शेवटी विरघळली. पोटचं पोर गेलं तरी माफ केलं तिनं तुझ्या बापाला. शिक जरा तुझ्या नानीकडनं काहीतरी. तुझं आपलं सदा तोंड चालू."

मी म्हटलं, "होय आत्या."